पाककृतींमध्ये नावीन्याचा अभाव

शुक्रवार, ३ मे

एका दुपारीत अकरा नकार. गेल्या वर्षीचा उच्चांक सात होता.

काल नवा शेजारी कुंपणावरून विचारत होता, टीव्हीत तुम्ही नक्की काय करता? त्याला सांगितलं : कार्यक्रम बनवतात त्या लहानमोठ्या प्रसारण संस्था. सरकारी वाहिनीवर त्यांना वेळ द्यायचा की नाही, ते हिल्व्हरसममधलं आमचं केंद्र ठरवतं. 'नाही' हा विभाग माझ्याकडे. तो म्हणाला, "मग रोज कुणीतरी रडत असेल." मी म्हटलं, "छे, आम्ही पत्रानं कळवतो."

एक जानेवारीचा संकल्प : यंदा प्रत्येक प्रस्तावासोबतचा नमुना-भाग पूर्ण पाहायचा. आजची स्थिती : अकरापैकी दोन पाहिले. (दुसऱ्याचं सुरुवातीचं संगीत.) पण बावीस वर्षांनंतर माणसाला कार्यक्रम नावावरून कळतो. आमच्या डॉक्टरला नाही का, पेशंट दारातून आत येतानाच गुडघा कळतो.

साडेतीनला निघालो. चारनंतर समुद्राच्या रस्त्यावर कॅरॅव्हॅनवाले, म्हणजे गाडीमागे चाकांवरचं घर ओढणारे, रांग लावतात आणि मग सगळ्या देशाला त्यांच्या मागे मुंगीच्या पावलानं जावं लागतं. मी साडेतीनला निघालो आणि चारपर्यंत माझ्या कॅरॅव्हॅनमागे रांग लागली.

मन अगदी हलकं.

गुरुवार, १६ मे

आईकडे, काम्पेनच्या वृद्धाश्रमात. पंधरा दिवसांतून एकदा जायचं असं ठरवलंय. सात आठवड्यांनी गेलो. थंडी लांबली होती.

पाच वाजून दहा मिनिटांनी सबंध मजला एकाएकी दिवाणखान्यात गोळा झाला. चाकाच्या खुर्च्या पुढे, काठ्या मागे. मी बोलायला गेलो तर आई म्हणाली, "गप्प बस, बाई येतायत."

बाई म्हणजे चित्स्के रोर्दा. कार्यक्रमाचं नाव 'पुलाच्या अलीकडे'. साधारण सदुसष्ट वर्षांची ही बाई एका जुन्या होडीतून कालव्यानं येते. पुढे पूल बंद असतो. ती थांबते. थांबल्या थांबल्या पूल-राखणदाराशी गप्पा मारते. घंटा वाजते, पूल उघडतो, ती पलीकडे जाते. संपलं. पंचवीस मिनिटं. अकरा वर्षं हेच.

या भागात राखणदारानं काठीला दोरीनं बांधलेला लाकडी बूट पुलावरून खाली सोडला, तिनं त्यात पुलाचा कर टाकला, तर पुढच्या रांगेतल्या एका आजोबांनी टाळ्या वाजवल्या. आईनं सांगितलं, या कार्यक्रमासाठी मजल्यानं स्वयंपाकघराशी भांडून जेवण साडेपाचचं पावणेसहाला करून घेतलं. या देशात राणी आली तरी कुणी बटाटे पंधरा मिनिटं थांबवत नाही.

नाव कुठंतरी वाचल्यासारखं वाटत होतं. घंटा वाजली तेव्हा आठवलं. अकरांतलं सातवं पत्र.

आईनं विचारलं, "पुढच्या वर्षी आहे ना रे ही?"

म्हटलं, असल्या गोष्टी समिती ठरवते.

"समितीत कोण असतं?"

"बरेच जण असतात, आई."

बरेच जण म्हणजे मी.

मंगळवार, २१ मे

फेना द्रोस्त, आमच्या केंद्राची वकील, हातात एक कागद घेऊन आली आणि दार लावून घेतलं. ती दार लावते तेव्हा कुणाचा तरी दात निघतो.

चित्स्केच्या संस्थेनं नकाराविरुद्ध हरकत नोंदवली आहे. आमच्याकडे कोर्टात जाण्याआधी ज्यानं निर्णय दिला त्याच्याचकडे हरकत घ्यावी लागते. म्हणजे माझ्याविरुद्धची तक्रार माझ्याकडे. रीत उत्तम आहे.

फेनानं माझंच पत्र मला वाचून दाखवलं : "पाककृतींमध्ये नावीन्याचा अभाव असून पदार्थांत तोचतोचपणा जाणवतो." मग हरकतीचं पहिलं वाक्य वाचलं : "आमच्या कार्यक्रमात पाककृती नाहीत."

"गेर्ब्रांड, होडीत कोण काय शिजवतं?" ती म्हणाली.

झालं ते असं. त्या शुक्रवारी कारणांचे परिच्छेद इकडचे तिकडे चिकटले. पुलाच्या पत्रात स्वयंपाकाचं कारण गेलं, आणि स्वयंपाकवाल्यांना गेलं : "नावेचा मंद वेग प्रेक्षकाला बांधून ठेवत नाही." स्वयंपाकवाल्यांचं उत्तर नऊ तारखेलाच आलेलं आहे. ते लिहितात, टीका मार्मिक आहे, आम्ही अंतर्मुख झालो, पुढच्या प्रस्तावात वेगाकडे लक्ष देऊ.

याचा अर्थ पद्धत मुळात चांगली आहे. लोक घ्यायला कमी पडतात.

फेना म्हणाली, "सरळ कबूल कर. चूक झाली, प्रस्ताव पुन्हा तपासतो. एका ओळीत मिटेल." बरोबर आहे तिचं. उद्या सकाळी पहिलं काम हेच. मला अपराधी वगैरे वाटत नाही. फक्त जेवण गेलं नाही. कँटीनच्या तळलेल्या क्रोकेट-वड्यांचं तेल जुनं होतं.

बुधवार, २२ मे

कबूल केलं नाही. संचालक रोखियर आज फार खुशीत होता. सबंध आठवड्यात पहिल्यांदा. माणसाचा आनंद घालवायचा म्हणजे काय.

शिवाय एक विचार सुचला, आणि तो कायदेशीर आहे : कार्यक्रमात स्वयंपाक नाही हे कशावरून? अकरा वर्षं, दोनशे चौदा भाग. सगळे कुणी पाहिलेत? एका जरी भागात काही शिजलं असेल तर माझं पत्र खरं ठरतं.

संकल्प : दोनशे चौदा भाग पाहायचे. रोज चार. वही केली आहे. रकाने : भाग, मिनिट, पदार्थ.

मंगळवार, ४ जून

भाग १ ते ३८. पदार्थाचा रकाना रिकामा. भाग १२मध्ये एक राखणदार तिला ज्येष्ठमधाची गोळी देतो. फेनाला विचारलं. ती म्हणाली, पुडीतून काढून दिलेली गोळी म्हणजे स्वयंपाक नव्हे. वकिलांना कल्पनाशक्ती नसते.

आता राखणदारांची नावं पाठ व्हायला लागली आहेत. उपयोग काही नाही.

सोमवार, १७ जून, सकाळी ११.२०

सापडलं! भाग ६१, मिनिट चौदा. राखणदार आपल्या केबिनमध्ये अंडं उकडतो!! फेनाच्या खोलीत धावत गेलो. ती फोनवर होती. तिनं हात करून बाहेर घालवलं.

दुपारी तिचं म्हणणं : एक अंडं. तेही तो स्वतः खातो. म्हटलं, सुरुवात तर झाली.

गुरुवार, २७ जून

भाग ८८. आल्कमारच्या बाजूचा एक पूल. उद्यापासून तो बटणावर चालणार, दूरच्या कुठल्यातरी खोलीतून. सत्तेचाळीस वर्षं पूल उघडणाऱ्या माणसाचा शेवटचा दिवस. पाऊस. सकाळपासून एकही होडी आलेली नाही. चित्स्के येते, पूल उघडतो, ती पलीकडे जाते. मग वळते आणि परत येते. त्याला पुन्हा पूल उघडावा लागतो. ती पुन्हा वळते. तिसऱ्या खेपेला तो केबिनच्या खिडकीतून ओरडतो, "बाई, काय विसरलात?" ती ओरडते, "आठवेपर्यंत फिरते!" त्यानं तोंड फिरवलं. कॅमेरा त्याच्यामागे गेला नाही. तिची होडी तशीच पाण्यात उभी.

पदार्थ : नाही.

डोळ्यांना पाणी येतंय. स्क्रीन फार जवळ आहे. चष्म्याचा नंबर तपासून घ्यायचा.

मंगळवार, २ जुलै

टपालात एक पोस्टकार्ड. 'मूर्खांच्या विभागास' असा पत्ता असूनही ते बरोबर माझ्या टेबलावर आलं. मजकूर : "ज्या कुणी रोर्दाबाईंना बंद केलं त्यानं एकदा इथं येऊन गुरुवारी सव्वापाचला आमच्या तोंडाकडे बघावं आणि मग बटाटे खावेत." खाली एकोणीस सह्या. पहिली सही आईची.

फाईलला नोंद करावी लागली. उत्तरही द्यावं लागलं, कायदा आहे. छापील उत्तर असं : "मान्यवर श्रीमती टोल्स्मा, प्रेक्षक या नात्यानं आपला या निर्णयाशी थेट हितसंबंध नाही, सबब आपली हरकत विचारात घेता येत नाही." सही सचिवालयाची. पाकिटावर पत्ता मी हातानं लिहिला नाही, टाइप केला. तेवढी अक्कल आहे.

शुक्रवार, ५ जुलै

आईचा फोन. पत्र मिळालं. तिनं ते मला मोठ्यानं वाचून दाखवलं आणि विचारलं, "हितसंबंध नाही म्हणजे काय रे? मी बघते की नाही?"

समजावलं की कायद्याच्या भाषेत ज्याचं नुकसान होतं तोच संबंधित.

"आणि माझं काय होतंय मग?"

म्हटलं, आई, मी गाडीत आहे.

गाडीतच होतो. उभ्या गाडीत, ऑफिसच्या आवारात.

संकल्प : सोमवारी रोखियरला सगळं सांगायचं.

सोमवार, ८ जुलै

रोखियर सुट्टीवर. तीन आठवडे फ्रान्स. नशीब बघा! आपण सांगायला तयार, ऐकणाराच नाही.

भाग १३७, मिनिट सात : फ्रीसलँडमधला यांबा नावाचा राखणदार वाटाण्याचं सूप गरम करतो. चाळीस सेकंद. स्वतःला आणि चित्स्केलाही वाढतो! ती म्हणते, "छान आहे." हा पदार्थ पाहुण्याला वाढलेला आहे, सबब कार्यक्रमाचा भाग आहे. माझी बाजू आता भक्कम.

बाजू भक्कम झाल्यावर बरं वाटायला हवं होतं. वाटेल.

बुधवार, २८ ऑगस्ट

हरकत समितीची सुनावणी. समिती केंद्रानंच नेमलेली, पण माणसं बाहेरची. समोर तीन जण : एक निवृत्त प्राध्यापक अध्यक्ष, बाकी दोघे कॉफी पिणारे. चित्स्के निळा रेनकोट घालून आली होती. टीव्हीत दिसते त्यापेक्षा लहान. माझ्याकडे बघून मान लववली. मी फाईलमध्ये काहीतरी शोधलं.

अध्यक्षांनी विचारलं, "श्रीयुत टोल्स्मा, पाककृतींचा उल्लेख चुकून झाला असं म्हणायचं आहे का?"

फेनानं टेबलाखालून माझ्या बुटावर बूट ठेवला. म्हणजे 'हो म्हण'. मी म्हटलं, नाही, सखोल अभ्यासानंतर. दोनशे चौदा भागांत दोन पदार्थ आढळतात, भाग एकसष्टमध्ये अंडं आणि एकशे सदतीसमध्ये सूप. दोन्ही उकळलेले. अकरा वर्षांत उकळण्यापलीकडे काहीच प्रगती नाही, यालाच आम्ही तोचतोचपणा म्हणतो.

कॉफी पिणाऱ्यांपैकी एकाला ठसका लागला.

चित्स्के म्हणाली, "सूप डब्यातलं होतं हो. यांबानं डबा कॅमेऱ्यामागे ठेवला, त्याला लाज वाटत होती." मग मला विचारलं, अगदी साधेपणानं, "तुम्ही खरंच सगळे पाहिलेत?"

म्हटलं, हो.

"अठ्ठ्याऐंशीवासुद्धा?"

मी चष्मा पुसायला घेतला. अध्यक्षांनी ते उत्तर म्हणून लिहून घेतलं असावं.

बाहेर आल्यावर फेना म्हणाली, "वीस वर्षांत खूप हरले, पण अंड्यावर पहिल्यांदाच."

शुक्रवार, ६ सप्टेंबर

समितीचा अहवाल. हरकत मान्य. 'नकाराची कारणं वस्तुस्थितीला धरून नाहीत.' केंद्रानं सहा आठवड्यांत नव्यानं निर्णय द्यावा.

हरलो! बऱ्याच दिवसांनी पोटभर जेवलो. गोठवलेले मासे, पण पोटभर. देव आहे, आणि तो प्रशासकीय कायदा जाणतो. आता नव्या निर्णयात 'होकार' लिहायचा, चित्स्के परत, आई परत, बटाटे पावणेसहाला. माझं नाव कुठं येणार नाही. मला श्रेय नको.

सोमवार, ९ सप्टेंबर

रोखियरकडे गेलो. तो फ्रान्समधून तांबूस होऊन आलाय. म्हणाला, "नवा निर्णय द्यायचाय ना, देऊ की. नकारच, फक्त चांगल्या कारणांचा."

गुरुवार सव्वापाचची ती वेळ जूनमध्येच दुसऱ्या कार्यक्रमाला दिलेली आहे. चालत्या मोटारीतली प्रश्नमंजुषा. करार झाला, मोटारसुद्धा रंगवली. कायदा म्हणतो, पुन्हा विचार करा. उत्तर बदला असं म्हणत नाही.

मी बोलायला तोंड उघडलं. त्याच वेळी त्यानं बिस्किटांचा डबा पुढे केला. एक घेतलं. आमच्याकडे एकच घ्यायची पद्धत आहे.

मग तो म्हणाला, "सगळे भाग कुणी पाहिलेत इथं? तू. तुझ्याइतका हा कार्यक्रम देशात कुणाला कळत नाही. तूच लिही."

दाराशी येईपर्यंत माझा बेत पक्का झाला होता. लिहितो की! असा पोकळ लिहितो, असा भुसभुशीत, की कोर्टात वाचता वाचता कोसळेल. विरोधाभास पेरतो, तारखा चुकवतो. बाहेरून नकार, आतून सुरुंग. अठ्ठ्याऐंशीव्या भागाची शपथ.

बाविसाव्या वर्षी शेवटी मला धैर्य आलं.

गुरुवार, १२ सप्टेंबर

सकाळी एक मुद्दाम पोकळ वाक्य लिहिलं : "हा कार्यक्रम योग्य वाटत नाही." निव्वळ मत, पुरावा शून्य. समाधान झालं.

दुपारी ते परत वाचलं. सहन होईना. 'योग्य' म्हणजे काय, हे तरी सांगायला हवं. एक व्याख्या घातली. व्याख्येला एक उदाहरण.

उद्या सगळं खोडतो.

बुधवार, १८ सप्टेंबर

खोडलं नाही. सात पानं झाली.

आज एक तारीख जाणूनबुजून चुकवली होती. चौथ्या भागाची. घरी आलो, बटाटे सोलायला घेतले, आणि ती तारीख दातात अडकल्यासारखी टोचायला लागली. गाडी काढून ऑफिसला गेलो आणि दुरुस्त केली. बटाटे तसेच.

हा स्वभाव आहे, याला मी काय करणार. चुकीची तारीख ठेवणं म्हणजे चित्स्केचाही अपमानच.

सोमवार, ३० सप्टेंबर

एकोणीस पानं. एक लक्षात आलं : कार्यक्रमावर प्रेम असल्याशिवाय त्याच्यातलं उणं इतकं नेमकं दिसत नाही. देशातले जवळजवळ सगळे पूल आता बटणावर गेलेत, राखणदार उरलेत मोजके, म्हणजे कार्यक्रमाचा विषयच संपत आलाय. हे मी मांडलं. पाचव्या वर्षानंतर ती प्रश्न कमी विचारते आणि जास्त गप्प बसते. हेही मांडलं. मला स्वतःला तिचं गप्प बसणं सगळ्यात जास्त आवडतं. ते मांडलं नाही. ते माझं खासगी मत आहे, आणि निर्णयात खासगी मताला जागा नसते.

परिच्छेद चौदा लिहून झाल्यावर मोठ्यानं वाचला. सुंदर झालाय. जरा वेळ खिडकीपाशी उभा राहिलो.

सुरुंगाचं बघू. अजून वेळ आहे.

शुक्रवार, ११ ऑक्टोबर

एकतीस पानं. फेनानं वाचली. चष्मा काढला. म्हणाली, "याच्यात सुई घालायलासुद्धा जागा नाही." मग विचारलं, "तुला ही बाई आवडत नाही का?"

म्हटलं, तसं नाही.

"मग तिच्यासाठी फार वाईट झालं," ती म्हणाली.

एरवी निर्णयाखाली संचालकाची छापील सही जाते. मी रोखियरला सुचवलं, एकतीस पानं ज्यानं लिहिली त्याचं नाव असावं. जबाबदारी घ्यायला माणसानं घाबरू नये, हाही एक प्रायश्चित्ताचाच प्रकार. तो म्हणाला, "हौस आहे तर कर." फेना म्हणाली, "हात दाखवून अवलक्षण करू नकोस." केली सही. शाईची, पूर्ण नावाची.

गुरुवार, २४ ऑक्टोबर

आईचा फोन. आवाज नेहमीचा नव्हता. चित्स्केच्या संस्थेनं नवा निर्णय सगळ्यांना पाहायला खुला केलाय. तिच्या मजल्यावरच्या कुणीतरी तो छापून काढला आणि नोटीस बोर्डावर लावला, जेवणाच्या यादीशेजारी. एकतीसच्या एकतीस पानं, टाचण्यांनी.

"वाचलास?" मी विचारलं.

"बोर्डाशी उभं राहून वाचायचं म्हणजे गुडघे दुखतात," आई म्हणाली. "शेवटचं पान तेवढं वाचलं."

 

"अक्षर तुझ्या वडिलांवर गेलंय," ती म्हणाली आणि फोन ठेवला.

संकल्प : रविवारी काम्पेनला जायचं, सगळं समजावून सांगायचं.

रविवार, २७ ऑक्टोबर

हिवाळ्याच्या वेळेसाठी घड्याळं एक तास मागे गेली. दिवसाचा घोळ झाला. गेलो नाही.

मंगळवार, २६ नोव्हेंबर

उत्रेख्तला कोर्टात. तातडीची सुनावणी, कारण जानेवारीपासून मोटार सुरू. मनात एकच आशा : एखादं भोक राहिलं असेल. चित्स्केच्या वकिलानं दोन तास शोधलं. एक क्षण वाटलं सापडलं, परिच्छेद नऊ, प्रेक्षकसंख्या. न्यायाधीशबाईंनी पान उलटलं आणि म्हणाल्या, "याचं उत्तर तळटीप एकोणीसमध्ये आहे." तळटीप एकोणीस मीच घातली होती. रविवारी. घरून.

जेवणाच्या सुट्टीत कॉफीच्या मशीनपाशी चित्स्के एकटी उभी होती. मी एक वाक्य पाठ करून आलो होतो. रेल्वेत चार वेळा म्हणून पाहिलं होतं : 'पहिलं पत्र लिहिलं तेव्हा मी तुमचा एकही भाग पाहिला नव्हता, आणि मला त्याची लाज वाटते.' सोपं वाक्य. एक स्वल्पविराम.

तीच आधी बोलली. म्हणाली, "टोल्स्मा, तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. अकरा वर्षांत इतकं लक्ष देऊन आमच्याकडे कुणी पाहिलं नाही. टीकाकारांनी नाही, आमच्या स्वतःच्या संस्थेनं नाही. चौदावा परिच्छेद मी यांबाला फोनवर वाचून दाखवला. तो म्हणाला, हा माणूस आपल्या बाजूचा दिसतो, मग असं का?"

मी म्हटलं, "धन्यवाद."

धन्यवाद!

मशीननं माझी कॉफी दिली, तिची दिली नाही. मी माझी तिला द्यायला हवी होती, हे आत्ता लिहिताना सुचतंय.

मंगळवार, १० डिसेंबर

निकाल. याचिका फेटाळली. "न्यायालय नमूद करू इच्छिते की केंद्राचा निर्णय असाधारण काळजीपूर्वक तयार केलेला आहे."

रोखियरनं केक आणवला. एकेक तुकडा. सगळ्यांनी माझं अभिनंदन केलं, मग रीतीप्रमाणे एकमेकांचंही केलं. यापुढे सगळे वादग्रस्त नकार माझ्याकडे येणार. फेना केक न खाता गेली. तिला साखर चालत नसावी.

मी अपील करायला सांगणारं एक पत्र चित्स्केला लिहिलं. निनावी. मुदत, पत्ता, मुद्दे, सगळं. वाचून पाहिलं. अपिलात काही दम नाही, हे माझ्याइतकं कुणाला माहीत आहे? फाडलं.

गुरुवार, १९ डिसेंबर

शेवटचा भाग. ठरवलं होतं, आईशेजारी बसून पाहायचा, मग तिच्यासमोर सगळं बोलून टाकायचं. या वेळी खरंच गेलो. पाचलाच पोचलो.

दिवाणखाना भरलेला. बोर्डावर माझी एकतीस पानं अजून होती, कडेनं कुणी कुणी पेनानं काय काय लिहिलेलं. वाचायला थांबलो नाही. आईच्या टेबलाशी गेलो. शेजारच्या खुर्चीत एक नव्या बाई होत्या, पांढऱ्याशुभ्र केसांच्या. त्यांनी विचारलं, "हा कोण? टोल्स्मा म्हणजे त्या पत्रातला का?"

सबंध टेबल माझ्याकडे वळलं. मी तोंड उघडलं. खरं सांगतो, या वेळी मी बोलणार होतो.

आई म्हणाली, "छे गं! तो नव्हे. आमच्याकडे टोल्स्मा ढिगानं आहेत. हा माझा मुलगा. गॅस कंपनीत असतो."

तिनं माझ्याकडे पाहिलं नाही. तिच्या हातात रुमाल होता, त्याची ती घडी घालत होती, उलगडत होती, परत घालत होती.

"हो," मी म्हटलं, "गॅस कंपनीत."

"अगंबाई, बरं झालं," त्या बाई म्हणाल्या. "माझ्या खोलीतला हीटर महिनाभर गार आहे. ऑफिसात सांगून सांगून थकले. जरा बघतोस का? पाचच मिनिटं."

आईकडे बघितलं. ती म्हणाली, "जा की. बघ."

खोली मजल्याच्या टोकाला. मी जमिनीवर गुडघे टेकून चावी इकडे फिरवली, तिकडे फिरवली. कोट काढला. भिंतीपलीकडून होडीचं इंजिन ऐकू आलं, मग चित्स्केचा आवाज, शब्द कळेनात. मग ती गप्प बसली असावी, कारण सबंध मजला गप्प होता. मग घंटा. मग टाळ्या, बऱ्याच वेळ. मी हीटरला कान लावून होतो. आत पाण्याचा आवाज येत होता, म्हणजे काहीतरी चालू असावं.

त्या बाई डोळे पुसत दारात आल्या. हात लावून पाहिला. गारच.

"का रे होत नसेल?" त्यांनी विचारलं.

मला कारण सांगता आलं नाही.

"असू दे," त्या म्हणाल्या. "पुढच्या गुरुवारी ये परत. सव्वापाचला आलास तरी चालेल. त्या वेळेला आता आम्हाला कुणालाच काही नसतं."